मदत हवी आहे: कॅप्टन बियॉन्डच्या फ्लॅक फाइली स्ट्रीमरवर सलग वाजत नाहीत

मंडळी, अल्बम कॅप्टन बियॉन्ड या रॉक बँडचा पहिला, त्याच नावाचा, १९७२चा. डीप पर्पलचा मूळ गायक रॉड इव्हान्स यात आहे, तरी हार्ड रॉक मनापासून ऐकणाऱ्यांच्याही नजरेतून हा सुटतो, याचं वाईट वाटतं. ट्रॅक १३, पण बरेचसे एकमेकांत ओवलेले. 'डान्सिंग मॅडली बॅकवर्ड्स'मधून 'आर्मवर्थ'मध्ये जाताना मध्ये श्वासालाही जागा नाही, आणि माझ्याकडे स्ट्रीमरवर (नेटवर्कवरून गाणी वाजवणारं यंत्र) नेमकी तिथेच अर्ध्या सेकंदाची शांतता येते.

सीडी ईएसी या प्रोग्रॅमने सिक्युअर मोडमध्ये रिप करून फ्लॅक (दर्जा न घटवता आकार कमी करणाऱ्या) फाइली केल्या आहेत, अ‍ॅक्युरेटरिपशी (इतरांच्या रिपशी पडताळणारा डेटाबेस) सगळे ट्रॅक जुळले. १६ बिट, सॅम्पल रेट ४४.१ किलोहर्ट्झ. लॅपटॉपवर फूबार प्लेअरमध्ये सलग वाजतं, म्हणजे फाइलींत दोष नाही (एमपी३सारखं पॅडिंग, म्हणजे ट्रॅकच्या टोकांना जोडलेली शांतता, फ्लॅकमध्ये नसतंच). खंड पडतो तो फक्त डीएलएनएने (घरच्या नेटवर्कवरून गाणी पाठवण्याची पद्धत) स्ट्रीमरवर पाठवल्यावर. फर्मवेअर नवं केलं, वायफायऐवजी लॅन केबल लावली, कंट्रोल अ‍ॅप बदललं; फरक नाही. पूर्ण अल्बमची एकच फ्लॅक केली तर नीट वाजते, पण क्यू शीट (कोणता ट्रॅक कुठे सुरू होतो ते सांगणारी फाइल) स्ट्रीमर वाचत नाही, त्यामुळे हवा तो ट्रॅक निवडता येत नाही. क्रॉसफेड (एक ट्रॅक विरत असताना दुसरा त्यावर चढवणं) नको, सांध्यावरचे ड्रम्स त्यात लडबडतात.

आता स्ट्रीमर बाजूला ठेवून रास्पबेरी पाय ४ या छोट्या संगणकावर एमपीडी (गाणी वाजवणारा प्रोग्रॅम) आणि अपएमपीडीसीएलआय (एमपीडीला नेटवर्कवरून चालवू देणारा जोडप्रोग्रॅम) टाकायचा विचार आहे, पुढे यूएसबी डॅक (डिजिटलचं अ‍ॅनालॉग करणारं यंत्र). अपएमपीडीसीएलआयच्या ओपनहोम मोडमध्ये प्लेलिस्ट कंट्रोल अ‍ॅपऐवजी पायवरच राहते, मग हा खंड खरोखर जातो का? आणि सॅम्पल रेट ४४.१ चा ४८ होऊ नये म्हणून एमपीडीच्या ऑडिओ आउटपुटमध्ये नेमक्या कोणत्या ओळी लिहायच्या?