मदत हवी आहे: पीडितेच्या बाजूने उभे राहिलेले फादर एकटे पडू नयेत म्हणून काय करता येईल?

नमस्कार मंडळी,

चर्चच्या कायद्याची, म्हणजे कॅनन लॉची माहिती असलेलं किंवा अशा प्रकरणात कुणाच्या पाठीशी उभं राहिलेलं कोणी इथे असेल तर सल्ला हवा आहे. नावगाव मुद्दामच देत नाही, कृपया विचारू नका.

नात्यातल्या एका ताईवर ती अकरा वर्षांची असताना एका धर्मगुरूने अत्याचार केला. आता तिने चाळिशी ओलांडली आहे. ती पहिल्यांदा बोलली ती आमच्या सध्याच्या फादरांशी. कन्फेशनमध्ये (धर्मगुरूपुढे गुप्तपणे पापकबुली देतात त्यात) नव्हे, त्यांच्या ऑफिसात. दार उघडं, शेजारी तिची बहीण. त्यांनी मध्ये एकदाही तिला तोडलं नाही. तिचं सांगून झाल्यावर म्हणाले, "माझा तुझ्यावर विश्वास आहे. पुढे काय करायचं ते तू ठरव, मी बरोबर आहे." तिच्या संमतीने त्यांनी बिशपांना लेखी कळवलं.

तेव्हापासून वरून एकच निरोप येतोय: "कागदावर नको, भेटून बोलू." शिवाय तक्रारीची मुदत संपल्याचंही तोंडी सांगितलं गेलं. आता फादरांच्या बदलीची कुजबुज सुरू झाली आहे, आणि मिस्सानंतर (चर्चमधल्या उपासनेनंतर) त्यांच्याभोवती घोळका करणारे लोक नजर चुकवून निघून जातात. याचा मला फार राग येतो.

पोप फ्रान्सिस यांचा अशा अत्याचारांच्या तक्रारींबाबतचा २०१९ चा 'वोस एस्तिस लुक्स मुंदी' हा आदेश वाचला. २०२३ मध्ये तो कायम झाला. कन्फेशनमध्ये किंवा तशाच आध्यात्मिक गोपनीयतेत सांगितलेली गोष्ट सोडून असं काही कळलं, तर वरिष्ठांना कळवणं धर्मगुरूवर बंधनकारकच आहे. कळवलं म्हणून त्याच्यावर सूड उगवता येत नाही आणि पीडितेवर गप्प बसण्याची सक्तीही करता येत नाही. चर्चच्या कायद्यातली मुदत पीडित व्यक्ती १८ वर्षांची झाल्यापासून २० वर्षं आहे, पण व्हॅटिकन ती शिथिल करू शकतं. मग ही विनंती बिशपांमार्फतच जावी लागते की ताई थेट पाठवू शकते? आणि बदली झालीच, तर ती सूडापोटी आहे हे दाखवायला आत्तापासून काय काय जपून ठेवावं?

भीती उगाच नाही. अमेरिकेतले फादर थॉमस डॉयल वॉशिंग्टनच्या व्हॅटिकन वकिलातीत होते. १९८५ मध्ये त्यांनी दोन सहकाऱ्यांसह या विषयावर बिशपांसाठी सविस्तर अहवाल तयार केला. तो बाजूला पडला आणि त्यांचं वकिलातीतलं कामही गेलं. बॉस्टनमधल्या धर्मगुरूंच्या अत्याचारांचं प्रकरण उघड व्हायला २००२ उजाडलं.

पोलीस तक्रारीचं ताईने अजून ठरवलेलं नाही. त्यासाठी वकील वेगळे बघतोय.

आम्ही काही कुटुंबं सह्यांचं पत्र द्यायचं म्हणतोय. पण त्यातून ताईची ओळख फुटेल का? पत्रात नेमकं काय लिहावं, काय टाळावं? आणि ती सारखी विचारते, "माझ्यामुळे फादरांना त्रास होतोय ना?" तिला काय सांगायचं ते सुचत नाही. हे जवळून पाहिलेल्यांनी कृपया लिहा. व्यनि (खाजगी निरोप) केलात तरी चालेल.