डेपेश मोड: क्लार्क गेल्यानंतरचा आवाज

सुरुवातीची गाणी लिहिणारा व्हिन्स क्लार्क १९८१ मध्ये बाहेर पडला आणि डेपेश मोड या इंग्लिश सिंथ-पॉप बँडची मजा संपली, असं एक मत आहे; ते मला पटलं नाही. पहिल्या अल्बमच्या चाली गोड आहेत, पण आवाज पातळ. खरी गंमत १९८३ च्या 'कन्स्ट्रक्शन टाइम अगेन' या अल्बमपासून सुरू होते. तोवर ॲलन वायल्डर बँडमध्ये आला होता, आणि मंडळी लंडनमध्ये पत्रे-पाइप बडवून आवाज टिपत होती.

असा आवाज करून बघायचा तर लोखंडी पाइपवरचा एकच ठोका रेकॉर्ड करा आणि सॅम्पलरवर (टिपलेला आवाज, म्हणजे सॅम्पल, हव्या त्या सुरात वाजवणारं यंत्र) दोन सप्तकं खाली वाजवा. वेग पाव होतो, त्यामुळे अर्ध्या सेकंदाचा 'ठण्' दोन सेकंद घुमतो. मात्र ठोक्याची धार बोथट होते. म्हणून त्यावर मूळ वेगातला ठोका चढवायचा. सॅम्पलच्या सुरुवातीची शांतता आधी कापा. नाहीतर तीही चौपट लांबते आणि मग एका ठोक्याऐवजी 'टक-ठण्' असे दोन ऐकू येतात. (बहुतेकांचं इथेच फसतं.)

आणि १९९० चं 'एन्जॉय द सायलेन्स' हे गाणं? बँडचा गीतकार मार्टिन गोर याचा डेमो (कच्चं रेकॉर्डिंग) हार्मोनियमवरचा, संथ होता. वेग वाढवायची कल्पना वायल्डरची. गोर सुरुवातीला नाखूशच होता.