पैसे देऊन पायी गाव पाहिलंय का? (अनुभव धागा)

मेतकूट (धागाकर्ती)

मागच्या महिन्यात मी आयुष्यात पहिल्यांदा पैसे मोजून पुणं पाहिलं. जन्म सदाशिव पेठेतला, शाळा नारायण पेठेत, आणि लग्न होऊन गेले ती कोथरूडला. म्हणजे नदी ओलांडली, एवढंच. तर अशा बाईला कुणीतरी हाताला धरून कसबा दाखवायचा, हे ऐकूनच मला हसू आलं होतं.

घाट घातला भाचेजावयांनी. ते बेंगळुरूचे. त्यांनी परस्पर खासगी गाइड ठरवून टाकली. चाळीस जणांच्या घोळक्यात मागच्या मागे ऐकू येत नाही म्हणून कुरकुरायचं नाही. आम्ही चौघं आणि ती. तीन तासांचे ३००० रुपये, माणशी नाही, सगळे मिळून. गाइड निघाली जेमतेम पंचविशीची, आर्किटेक्चर शिकलेली, मूळची लातूरची. मी मनात म्हटलं, झालं! आता लातूरची पोर मला ओंकारेश्वर कुठे आहे ते सांगणार.

ऐन वेळी आई म्हणाली, मीही येते. वय ८१, गुडघे आपापल्या मर्जीचे. गाइडने काय करावं? रस्ताच बदलला. सकाळी सातला ओंकारेश्वरापासून निघायचं, दर वीस मिनिटांनी बसायला ओटा मिळेल असं चालायचं, आणि मंडई-तुळशीबाग सरळ कापून टाकायची. 'आजी, ते तुम्ही माझ्यापेक्षा जास्त पाहिलंय.' आई तिथेच खूश.

शनिवार पेठेत एका वाड्याच्या बोळात तिने आम्हाला थांबवलं. भिंतीवर फिकट निळी रेघ आणि शेजारी लिहिलेलं : १२ जुलै १९६१. पानशेतचा पूर. पानशेतचं धरण फुटलं, मग खडकवासल्याची भिंत गेली, हे सगळं ती व्यवस्थित सांगत होती. तिचं होईपर्यंत आई गप्प. मग काठीने रेघेच्या वर हातभर जागा दाखवून म्हणाली, 'पाणी इथवर होतं. रंग देताना यांनी रेघ खाली घेतली.'

त्यानंतरची पंचवीस मिनिटं टूर आईची होती. ती तेव्हा मॅट्रिकला. धरण फुटलं म्हणून ओरडत माणसं पळत होती, यांच्या घरात कुणाचा विश्वास बसेना. शेवटी सगळे शेजारच्या वाड्याच्या माळ्यावर चढले. माझ्या आजीने नुकत्याच घातलेल्या लोणच्याची बरणी कडेवर घेतली आणि दागिन्यांचा डबा फडताळातच राहिला. 'बरणी आठ महिने पुरली,' आई म्हणाली. 'डबा नंतर चिखलात सापडला, पण आजोबांनी तिला जन्मभर ऐकवलं.' ही गोष्ट मी पहिल्यांदा ऐकत होते. साठ वर्षांत तिने सांगितली नाही की मी विचारली नाही, देव जाणे. गाइडने विचारून फोनवर ध्वनिमुद्रण केलं आणि मध्ये एक अक्षर बोलली नाही. घोळक्यात हे झालं असतं का? 'चला, पुढे चला' झालं असतं.

पुढे शनिवारवाडा बाहेरूनच. दिल्ली दरवाजाचे हत्तीच्या धडका अडवायला ठोकलेले खिळे सगळ्यांनी पाहिलेले असतात, म्हणून तिथे वेळ घालवला नाही, हेही मला आवडलं. मग कसबा गणपती, आणि तिथून तांबट आळी. लहानपणी हा ठकठकाट मला नुसता आवाज वाटायचा. एका कारागिराने बंबाचा पत्रा पुढ्यात घेतला होता. गाइडने माझं बोट त्यावरून फिरवायला लावलं. अर्ध्या भागावर हातोडीच्या खुणा, एकाला एक चिकटून, माशाच्या खवल्यांसारख्या. तिथे पत्रा कडक लागतो. जिथे ठोकलेलं नाही तिथे दाबला तर दबतो. ठोकून ठोकून तांबं कठीण होतं, नक्षी ही वरकमाई. याला मठारकाम म्हणतात. आपण 'बोलणं मठारतो' ते इथलंच की!

तर असे अनुभव लिहा. जुन्या गावात, खासगी गाइड घेऊन, पायी. चांगले, फसलेले, दोन्ही. गाव कुठलंही चालेल.

खिडकीजवळची सीट

पणजी, फोंतैन्यश. आम्ही नवरा-बायको आणि साठीचे एक स्थानिक गृहस्थ. सुरुवातीलाच त्यांनी अट घातली : कुणाच्या दारात, ओट्यावर, जिन्यात उभं राहून फोटो नाही. मला जरा लागलं. पैसे आम्ही देतोय ना! पण पहिल्याच वळणावर कारण समोर आलं. लिंबू रंगाच्या भिंतीला टेकून एक नवरी-नवरा, फोटोवाला, रिफ्लेक्टर धरणारे दोघं, आणि त्याच घराच्या खिडकीतून एक आजीबाई कोंकणीतून उद्धार करतायत. आमच्या गाइडने त्यांना हात केला, त्यांनी ओळखीचं हसून खिडकी लावून घेतली.

ते फार हळू बोलत. गल्लीत लोक दुपारचे झोपलेले असतात म्हणे. या वस्तीत आधी माडांची बाग होती. आफ्रिकेत मोझांबिकला पैसा कमावून आलेला मालक, म्हणून त्याला मोसमीकार म्हणत. आल्तिनो टेकडीच्या पायथ्याशी झरा आहे, त्या झऱ्यावरून फोंतैन्यश. पोर्तुगीज अमलात नुसता पांढरा रंग चर्चला राखून ठेवलेला, त्यामुळे घरं पिवळी, निळी, तांबडी, आणि कडांना पांढरी पट्टी.

सेंट सेबॅस्टियनच्या चॅपेलमध्ये मात्र ते गप्प झाले आणि आम्हाला नुसतं बघायला लावलं. 'काही वेगळं दिसतं का?' बायकोला दिसलं, मला नाही. क्रुसावरच्या येशूचे डोळे उघडे आहेत आणि मान ताठ. एरवी मान खाली कललेली असते. हा क्रूस जुन्या गोव्यातल्या इन्क्विझिशनच्या, म्हणजे धर्मद्रोहाचे खटले चालवणाऱ्या चर्चच्या न्यायालयाच्या, वाड्यातून आलेला. ज्यांना तिथे उभं करत, त्यांच्याकडे तो असा सरळ बघत असणार. बाहेर येईपर्यंत आम्ही दोघंही बोललो नाही.

नंतर पोदेराकडची, म्हणजे तिथल्या पाववाल्याकडची, गरम पोळी खाल्ली (आपली पोळी नव्हे, त्यांची, कोंड्याची). तिचे पैसे त्यांनी आम्हाला देऊ दिले नाहीत.

शेवटची लोकल

फसलेला लिहितो. मुंबई, फोर्ट. बाबांच्या पंच्याहत्तरीला बहिणीने भेट म्हणून घेतलेली खासगी सफर. बाबा सरकारी खात्यात नकाशे काढत रिटायर झालेले, दगड बघून इमारत कुठल्या दशकातली ते सांगतात. गाइड तरुण, कानात बाळी, बोलणं फाडफाड. अर्धा वेळ तो आमचेच व्हिडिओ काढत होता.

ताजसमोर त्याने ती प्रसिद्ध लोणकढी मारली : आर्किटेक्ट परदेशात असताना हॉटेल चुकून उलटं बांधलं गेलं, समुद्राकडे पाठ झाली, परत येऊन बघतो तर काय, म्हणून त्याने जीव दिला. बाबा शांतपणे म्हणाले, 'अहो, ताज १९०३चं. गेटवे १९२४ला पुरा झाला. तेव्हा बग्ग्या गावाच्या अंगाने यायच्या, दार तिकडेच असणार. उलटं काय त्यात?' तो म्हणाला, 'अंकल, लोकांना ही स्टोरी आवडते.'

वॉटसन हॉटेलसमोरून तो चालता चालता पुढे गेला, कारण 'फोटोत चांगलं येत नाही.' बाबा तिथेच फुटपाथवर उभे राहिले आणि आम्हाला सांगत बसले, की याचा बिडाचा अख्खा सांगाडा इंग्लंडात ओतून जहाजाने आणला, आणि ७ जुलै १८९६ला ल्युमिएरचा सिनेमा हिंदुस्थानात पहिल्यांदा इथे दाखवला. गाइड पुढच्या सिग्नलला आमची वाट बघत होता. सगळ्यात शेवटी गालिच्याच्या दुकानात नेलं, ते सांगायला नकोच.

उनाड

मी उलटं बोलतो. अहमदाबादला महापालिकेची सकाळची हेरिटेज वॉक आहे, १९९७ पासून. काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत, पोळांच्या, म्हणजे तिथल्या जुन्या गल्ली-वस्त्यांच्या, आतून. आम्ही वीसेक अनोळखी माणसं होतो. एका पोळात चबुतऱ्यावर दाणे टाकणाऱ्या काकांना आमच्यातल्या एका तमिळ बाईंनी असे प्रश्न विचारले की जे मला सुचलेच नसते. खासगीत आपलेच प्रश्न, आपलंच शहाणपण. पैसे वाचले ते वेगळे. त्यात माणेक चौकात दोनदा जेवण झालं.

सुंठवडा

तंजावर. इथे आमची पाळी उलटी आली. गाइड तमिळ, इंग्रजी उत्तम. राजवाडा, सरस्वती महाल ग्रंथालय, तिथून पायी बृहदीश्वर मंदिर. एक हजारावर वर्षांचं चोळांचं देऊळ, त्यावर तो तासभर असा बोलला की उन्हाचे चटके विसरायला झालं. नंदीजवळ माझी मुलगी बसून राहिली तर म्हणाला, बसू दे, आपल्याला कुठे गाडी पकडायची आहे?

मग ओवरीच्या भिंतीकडे बोट करून म्हणाला, 'हे तुमच्या लोकांचं. भोसल्यांचा इतिहास. सर्फोजी राजांनी १८०३मध्ये कोरून घेतलाय.' आणि पुढे निघाला. आम्ही मात्र तिथेच खिळलो. अख्ख्या भिंतीवर ओळींमागून ओळी, देवनागरी, मराठी! कोल्हापूरहून इतक्या लांब येऊन तमिळ पाट्यांनी डोकं भणभणलं असताना एकदम आपली अक्षरं. मुलगी सातवीत, इंग्रजी माध्यम, मराठीचा आनंद आहे. तिने बोट ठेवत ठेवत 'भो-स-ले' वाचलं आणि किंचाळली.

गाइड परत आला. म्हणाला, 'मी वीस वर्षं हे दाखवतोय, पण मला वाचता येत नाही. एक ओळ वाचून दाखवा.' नवऱ्याने वाचायला घेतलं. भाषा जुनी, अक्षरांची वळणं निराळी, तो दर दोन शब्दांनी अडखळे. अडला की मी, मी अडले की मुलगी. गाइड वहीत तमिळ लिपीत उच्चार उतरवून घेत होता. तीन ओळींना पाऊण तास लागला. दरबार हॉल परत नीट बघायचा होता, तो राहिला. कुणालाच वाईट वाटलं नाही. निघताना त्याने ठरल्यातले पाचशे परत करायला काढले, शिकवणीची फी म्हणून. आम्ही घेतले नाहीत, पण त्याने काढले हे खरं.

आल्याची वडी

एडिनबरा, सासूबाईंसोबत. थोडक्यात सांगते, थंडीने बोटं वळत नव्हती एवढं आधी लक्षात घ्या. रॉयल माइल या जुन्या मुख्य रस्त्याच्या दोन्ही अंगांना अरुंद, उताराचे बोळ आहेत, त्यांना क्लोज म्हणतात. पूर्वी लोक वरच्या मजल्यांवरून 'गार्डीलू!' ओरडून घाण खाली ओतत, असं गाइड रंगवून सांगत होती. मी भाषांतर केलं. सासूबाई, जन्म गिरगावच्या चाळीतला, म्हणाल्या, 'ओरडायचे तरी!' हेही मी तिला भाषांतर करून दिलं. ती गुडघ्यावर हात ठेवून हसली.

पुढे रस्त्यात दगडांचं एक हृदय बसवलेलं आहे, जुन्या तुरुंगाच्या जागी. त्यावर थुंकलं की नशीब उघडतं म्हणतात. सासूबाई काही केल्या थुंकेनात. 'रस्त्यात थुंकू नका हे मी चाळीस वर्षं शाळेत शिकवलं.' शेवटी गाइडच त्यांच्या वतीने थुंकली.

चिंचोका

मी हेच काम करतो, गाव सांगत नाही. शेवटची लोकल, तुमच्या बाबांना नमस्कार सांगा. असा एक माणूस बरोबर असला की आम्ही आदल्या रात्री अभ्यास करतो.

ठरवताना चार गोष्टी विचारत जा. वाटेत स्वच्छतागृह कुठे आहे? (हे न विचारणारे दुसऱ्या तासाला माझ्याकडे केविलवाणे बघतात.) तिकिटं धरून पैसे की वेगळे? दुकानात नेणार का? आणि राहत्या वाड्यात शिरणार असाल तर मालकाला सांगितलंय का? वाड्यातली माणसं चहा देतात, जुने फोटो काढून दाखवतात, आणि आमच्यातलाच कुणीतरी जिना उतरता उतरता विचारतो, 'बिल्डरला दिला तर कितीला जाईल?' पुढच्या वेळी ते दार आम्हाला उघडत नाही.

आणि घरात म्हातारं माणूस असेल तर जरूर आणा. आम्ही हळू चालू.

मेतकूट

सगळ्यांचे आभार. चिंचोका, तुमचं आईला वाचून दाखवलं. सुंठवडा, तुमच्या त्या तीन ओळी काय होत्या ते लिहाच.

परवा त्या लातूरच्या मुलीचा फोन आला होता. पानशेतचं सगळं नीट, सावकाश सांगाल का, रविवारी घरी येते म्हणाली. आईने डायरीत वेळ लिहून घेतली, साडेदहा. मग फोन ठेवून मला म्हणाली, 'त्या दिवशी तीन हजार घेतले ना तिने? आता अर्धे माझे.'