ब्रॉन्झव्हिलची आर्मरी: लष्करी शाळा की संग्रहालय?

दक्षिणायन:
शिकागोच्या दक्षिण भागातील ब्रॉन्झव्हिल या कृष्णवर्णीय वस्तीतली शिकागो मिलिटरी अकॅडमी ही लष्करी धर्तीची शाळा म्हणजे सरकारी खर्चाने चालणारी सैन्यभरतीची शाखा आहे, ती बंद करून ती जेथे भरते त्या आठव्या रेजिमेंटच्या आर्मरीचे, म्हणजे पलटणीच्या शस्त्रागार व कवायतीच्या इमारतीचे, संग्रहालय करावे, असे 'तळटीप' यांनी काल लिहिले. ते वाचून उत्तर दिल्यावाचून राहवले नाही. ही आर्मरी 1914-15 मध्ये उभी राहिली आणि कृष्णवर्णीय पलटणीसाठी बांधलेली ती देशातील पहिलीच आर्मरी होती. कर्नलपर्यंतचे सर्व अधिकारी कृष्णवर्णीय असलेली ही पलटण पहिल्या महायुद्धात 370वी इन्फन्ट्री म्हणून फ्रेंच सैन्याबरोबर लढली. शाळेसमोरच्या जाइल्स अ‍ॅव्हेन्यूला त्याच युद्धात पडलेल्या लेफ्टनंट जाइल्स यांचे नाव आहे. पुढे ही वास्तू कित्येक वर्षे पडीक होती. 1998 मध्ये तिला शहराच्या वारसा यादीत स्थान मिळाले आणि 1999 मध्ये तेथे शाळा सुरू झाली. जेथे रोज मुले येतात, त्या इमारतीच्या गळक्या छपराची दखल कोणाला तरी घ्यावीच लागते. बंद दालनांच्या नशिबी ते नसते.

तळटीप:
आपण इतिहास सांगितला, पण सोयीचा तेवढाच. याच पलटणीचे कर्नल फ्रँकलिन डेनिसन यांना 1918 मध्ये फ्रान्समध्ये असतानाच पदावरून दूर करून त्यांच्या जागी गोरा अधिकारी नेमला गेला. सैनिक फेब्रुवारी 1919 मध्ये घरी परतले आणि त्याच जुलैमध्ये शिकागोत वांशिक दंगल पेटली. तीत 38 माणसे मारली गेली, त्यांतील 23 कृष्णवर्णीय होती. गणवेश घातला म्हणून सन्मान मिळत नाही, हा या वास्तूचा खरा धडा आहे. 1992 च्या लॉस एंजेलिस दंगलीनंतर तेव्हाचे अमेरिकेचे सर्वोच्च लष्करी अधिकारी कॉलिन पॉवेल यांच्या पुढाकाराने शाळांतील जेआरओटीसीचा, म्हणजे या अकॅडमीतही चालणाऱ्या, शाळकरी मुलांसाठीच्या लष्करी प्रशिक्षण कार्यक्रमाचा विस्तार झाला, तोही मुख्यतः गरीब वस्त्यांमध्ये. शिकागोच्या दक्षिण आणि पश्चिम भागांतील काही शाळांत तर नववीच्या मुलांची नावे त्यांना न विचारताच जेआरओटीसीत घातली जात होती, हे 2021-22 मध्ये उघड झाले. श्रीमंत उपनगरांतील पालकांनी हे एक दिवस तरी सहन केले असते का?

दक्षिणायन:
ज्या शाळांत परस्पर नावे घातली गेली, त्या साध्या सरकारी शाळा होत्या. ब्रॉन्झव्हिलच्या अकॅडमीत मूल स्वतः अर्ज करून येते. दोन वेगळ्या गोष्टी एकत्र करून वाचकांची दिशाभूल करू नये.

अजिंक्यतारा:
मी सातारा सैनिक स्कूलचा माजी विद्यार्थी आहे. देशातील पहिले सैनिक स्कूल 1961 मध्ये आमच्या साताऱ्यात निघाले. माझे वडील एसटीत वाहक होते. पहाटेची पीटी, वेळेवर अभ्यास आणि जात न पाहता एका पंगतीत जेवण, या तीन गोष्टींनी मला घडवले. गरिबाच्या मुलाला शिस्त मिळाली की सुखवस्तू लोकांनाच त्याची काळजी का वाटू लागते, हे मला कधीच समजले नाही.

तळटीप:
आपली तुलना मुळातच बसत नाही. सैनिक स्कूल मुलाला एनडीएसाठी, म्हणजे अधिकारी होण्यासाठी तयार करते आणि हा उद्देश उघडपणे सांगते. जेआरओटीसी मात्र नागरिकत्वाचे शिक्षण देत असल्याचे सांगते, आणि अभ्यासक्रम पूर्ण करून थेट भरती होणाऱ्या मुलाला काय मिळते, तर साध्या शिपायाच्या वेतनश्रेणीत एखाददुसरी पायरी वर!

कृष्णाकाठ:
साताऱ्याचे गोडवे थोडे आवरते घ्यावेत. सैनिक स्कूलचे दार मुलींसाठी सर्वत्र उघडायला 2021-22 उजाडले. ब्रॉन्झव्हिलमध्ये मुली पहिल्यापासून आहेत. शिवाय आज त्या प्रवेशपरीक्षेसाठी खासगी क्लासशिवाय भागत नाही. माझ्या भावाने लेकीच्या क्लासची फी भरण्यासाठी दुभती म्हैस विकली आणि क्लासवाल्यांनी दिवाळीनंतर शिकवणेच थांबवले. कोणत्या गरिबाच्या मुलांविषयी आपण बोलत आहात?

अजिंक्यतारा:
क्लासवाल्यांचे पाप शाळेच्या माथी मारणे हा अन्याय आहे. माझ्या वेळी आमच्या गावच्या प्राथमिक शाळेतील गुरुजींनी मला फुकट शिकवले होते. मुलींना उशीर झाला, हे मात्र नाकारता येणार नाही.

कृष्णाकाठ:
आपल्याला लाभलेले गुरुजी आता सर्वांना लाभत नाहीत. आपले नशीब हा इतरांसाठी युक्तिवाद होऊ शकत नाही.

दक्षिणायन:
मी शिकागोच्या दक्षिण भागात अनेक वर्षे शिकवले आहे. माझ्या वर्गातील एक मुलगी शाळेच्या वाटेवरील गोळीबाराला घाबरून घरी बसली होती. नंतर ती अकॅडमीत गेली, तेथे रमली आणि आज परिचारिका आहे. सैन्यात ती कधीच गेली नाही. कॅडेटवर भरतीचे कोणतेही बंधन नसते, हे तळटीप यांनी आपल्या लेखात सांगायला हवे होते. अधिकारी आणि शिपाई यांच्यातील फरकाचा त्यांचा मुद्दा मात्र मला खोडता येत नाही.

तळटीप:
त्या मुलीला सुरक्षित शाळा हवी होती. ती तिला गणवेशाच्या अटीवरच का मिळावी, याचे उत्तर शहराने द्यायचे आहे. तरीही इमारत रिकामी करून संग्रहालय करण्याचा आग्रह मी सोडतो, कारण मुलांना तेथून काढून पाठवायचे कोठे, हे मलाही सांगता येत नाही. पण दोन गोष्टी झाल्याच पाहिजेत. डेनिसन यांना का हटवले गेले, हे त्याच इमारतीतील वर्गांत शिकवले जावे. आणि शाळेला मुलांचे पत्ते व दूरध्वनी क्रमांक भरती अधिकाऱ्यांना कायद्याने द्यावे लागत असले, तरी पालक लेखी नकार देऊ शकतात, हे प्रवेशाच्या दिवशीच प्रत्येक पालकाला समजावून सांगितले जावे.