मूकपटातले पाणबुडे पळताहेत, वेग किती ठेवू?

तलावकाठ (लाखनी, जि. भंडारा): पाणबुड्यांवरचा जुना इटालियन लघुमूकपट मामा (माजी मालगुजारी) तलावाच्या पाळीवर दाखवायचा आहे. ढिवर (मासेमार) मंडळी येणार, म्हणजे पाण्याबद्दल बारीक प्रश्न येतीलच. फाइल सेकंदाला 24 फ्रेमची आहे. पाणबुड्याला हवा पुरवणारा पंप मारणाऱ्यांचे हात नुसते भरभर फिरतात. किती हळू करू? आणि पंपावर इतकी माणसं कशाला?

रीळवाला: भाऊ, तेव्हा कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत. एका फेऱ्यात 8 फ्रेम, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे साधारण 16 फ्रेम. व्हीएलसी प्लेअरमध्ये वेग 0.67 ठेवा, फारच रेंगाळलं तर 0.75. पण आधी ‘ई’ दाबून एकेक फ्रेम पुढे सरकवा. दर तिसरी फ्रेम आधीचीच पुन्हा दिसली तर वेग आधीच दुरुस्त केलेला आहे, हात लावू नका. वेगाचा अंदाज पंपावरून घेऊ नका, तो माणूस मनाला येईल तसा मारतो. उडी मारल्यावर उडालेलं पाणी खाली कसं पडतं ते पाहा, तिथे फसगत होत नाही. निळा रंग खराबी समजून काढू नका. समुद्राच्या नाहीतर रात्रीच्या दृश्याची फिल्म मुद्दाम तशी रंगवत.

फूटव्हॉल्व्ह: पंपाचं सांगतो. 20 मीटरवर दाब वरच्या तिप्पट. तेवढाच श्वास पुरवायला हवाही तिप्पट लागते, तीही दाबाविरुद्ध ढकलायची. एकटा माणूस लवकर थकतो आणि हात थांबले की खाली जीव गुदमरतो. हवेची नळी वर फुटली तर पाणबुड्याच्या डोक्यावरच्या टोपातली हवा उलटी निसटते आणि पाणी अंगाला टोपात रेटतं. म्हणून नळी टोपाला जुळते तिथे एकाच दिशेने उघडणारी झडप असते. विहिरीच्या मोटरचा फूटव्हॉल्व्ह जसा पाणी मागे जाऊ देत नाही, तशी. शिशाच्या तळाचे बूट, छातीपाठीवरची वजनं आणि तांब्याचा टोप मिळून पोशाख 80 किलोच्या आसपास. म्हणून बोटीवर तो पाय ओढत चालतो.

वर येताना मध्ये थांबणं चित्रपटात दिसलं नाही तर कुणीतरी विचारेलच. झटकन वर आलं की रक्तात विरघळलेल्या नायट्रोजनचे बुडबुडे होतात. टप्प्याटप्प्याने वर येण्याची ब्रिटिश शरीरक्रियाशास्त्रज्ञ हाल्डेनची कोष्टकं 1908 मध्ये छापली गेली. चित्रपट त्याआधीचा असेल तर थांबणं दिसलं नाही यात नवल नाही.

रीळवाला: एक राहिलं. पाण्याखालचं दृश्य खरंच समुद्रात घेतलंय असं ठामपणे सांगू नका जी. फ्रेंच चित्रपटकार मेलिएसने 1898 मध्येच कॅमेऱ्यापुढे माशांची काचपेटी ठेवून असं दृश्य स्टुडिओत घेतलं होतं. मासे पाणबुड्याच्या मागे कधीच जात नसतील तर पेटीच समजा. मध्ये येणाऱ्या मजकुराच्या इटालियन पाट्यांचं मराठी आधीच लिहून ठेवा आणि पाटी येताच एकाने मोठ्याने वाचावं.