भंगारातल्या शिल्पात मूळ वस्तू ओळखू यावी का?

चौकस:
भंगारातून घडवलेली शिल्पे पाहताना मला नेहमी एक शंका येते. सायकलची साखळी किंवा गाडीचा गिअर जसाच्या तसा दिसला, की ‘हे कशापासून केले?’ एवढ्यावरच लक्ष अडकते आणि आकाराकडे पाहायचे राहून जाते. अमेरिकी शिल्पकार डेव्हिड स्मिथ याने या पेचातून कशी वाट काढली, हे जाणकारांनी सांगावे.

लोखंडी:
स्मिथ तरुणपणी स्टुडबेकरच्या मोटार कारखान्यात कामाला होता आणि दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन लोकोमोटिव्ह कंपनीत रणगाड्यांचे वेल्डिंग करत होता. त्यामुळे जुने लोखंड हे त्याच्या लेखी नवलाची वस्तू नसून रोजच्या हाताखालचे साहित्य होते. १९६२ साली स्पोलेतो शहरातल्या कला-महोत्सवासाठी त्याला इटलीत बोलावण्यात आले, तेव्हा जेनोवाजवळच्या व्होल्त्री येथील बंद पडलेला कारखाना त्याला कामासाठी मिळाला. अपेक्षा एकदोन शिल्पांची होती. त्याने महिनाभरात २७ केली! तिथल्या सांडशा, चाके, पत्र्याचे कापलेले तुकडे त्याने लपवले नाहीत, पण त्यांचे बैल-घोडेही केले नाहीत. ‘व्होल्त्री ७’मध्ये चाकांवर बसवलेल्या आडव्या दांड्यावर पाच उभे आकार आहेत. तिथे चाक हे चाकच राहते, तरी नजर जाते ती त्या आकारांच्या तोलाकडे.

फिरस्ती:
हा भेद मला जरा ताणलेला वाटतो. पिकासोने १९४२ मध्ये सायकलची सीट आणि हँडल जोडून ‘बैलाचे डोके’ केले. तिथे ओळख पटण्यातच सगळी मौज आहे आणि त्यामुळे शिल्प उणे ठरत नाही. शिवाय स्मिथ लोखंडाकडे वळला तो पिकासो आणि स्पॅनिश शिल्पकार हुलिओ गोन्सालेस यांच्या कामांची छायाचित्रे फ्रेंच नियतकालिकात पाहून, आणि गोन्सालेसही गॅस वेल्डिंग शिकला होता तो रेनॉच्या मोटार कारखान्यातच. माझ्या मते खोट ओळखू येण्यात नसून भाराभर वस्तू जोडण्यात आहे. दोन वस्तूंची गाठ पडते तेव्हा कल्पना दिसते; शेकडो नट-बोल्टांच्या मोरापुढे (असे मोर हल्ली चौकाचौकांत उभे असतात) आपण फक्त चिकाटीला दाद देतो.

लोखंडी:
मोराबद्दल दुमत नाही. व्होल्त्रीतले उरलेले लोखंड आणि अवजारे स्मिथने अमेरिकेतल्या बोल्टन लँडिंग येथील आपल्या कार्यशाळेत मागवून घेतली आणि त्यांतून ‘व्होल्त्री-बोल्टन’ ही पुढची मालिका केली. ‘व्होल्त्री १९’ हे तर अवजारांसकट कामाचे टेबलच आहे. तेव्हा मूळ वस्तू पुसून टाकावी असा स्मिथचा आग्रह होता, असा अर्थ माझ्या उत्तरातून कोणी काढू नये.