उसाच्या सरीतला बुटाचा ठसा: कास्ट मोडतोय, काय चुकतंय?

पंचगंगाकाठ: गुन्ह्याच्या तपासाचा सराव म्हणून नदीकाठच्या उसात, काळ्या मातीत बुटाचा ठसा घेतला. ठशात बोटभर पाणी होतं. प्लॅस्टर ऑफ पॅरिस ओतून कास्ट, म्हणजे ठशाचा ओतीव नमुना, केला. उचलताना कास्ट टाचेपाशी मोडला आणि जो हाती आला त्याची नक्षी धुताना गेली. करवीर-शिरोळकडं पावसाळ्यात असंच रान मिळणार. मग करायचं काय?

ठसेतपास: प्लॅस्टर सोडाच, ते मऊ पडतं. ब्रश लागला की बारीक खुणा पुसल्या जातात. डेंटल स्टोन घ्या, म्हणजे दातांचे डॉक्टर दातांच्या साच्यांसाठी वापरतात ती जास्त कडक होणारी पावडर. झिपच्या पिशवीत साधारण ९०० ग्रॅम पावडर, त्यात ३०० ते ३५० मिली पाणी. तीन-चार मिनिटं बाहेरूनच चांगलं मळा, गुठळी राहू देऊ नका. घावनाच्या पिठाएवढं सैल झालं की ठशाच्या कडेला, जमिनीलगत ओता आणि आत वाहू द्या. वरून धार सोडली की मऊ चिखलात खड्डा पडतो, नक्षी तिथंच संपते.

पाणी साचलं असेल तर कापसानं किंवा स्पंजनं टिपू नका, तळ उचकटतो. सिरिंजनं कडेकडेनं काढा. सगळं निघत नसेल तर भोवती पत्र्याची चौकट लावा, कोरी पावडर चाळणीनं पाण्यावर हळूहळू पेरा, मग वर नेहमीपेक्षा घट्ट मिश्रण घाला. अशा ठिकाणी अर्ध्या तासात उचलायची घाई नको, तासभर तरी थांबा. उचलताना ओढू नका, बाजूची माती खणून खालून हात घाला. चिकटलेल्या मातीसकट कागदात गुंडाळा. प्लॅस्टिकमध्ये ओल कोंडते. धुणं ४८ तासांनी.

तिरपा_उजेड: या सगळ्याआधी फोटो! कास्ट बिघडला तर तेवढाच पुरावा उरतो. कॅमेरा तिवईवर, ठशाला अगदी काटकोनात. पट्टी ठशाच्या तळाच्या पातळीवर ठेवा. वरच्या जमिनीवर ठेवली की मापं चुकतात. टॉर्च जमिनीलगत तिरपी धरून चारही बाजूंनी वेगवेगळे फोटो घ्या. नंतर उडून पडलेलं पाचट चिमट्यानं उचला, पण बुटाखाली दाबलं गेलेलं हलवू नका, ते ठशाचाच भाग आहे.

ठशाच्या आत थेंबांचे बारीक खळगे दिसले तर पाय आधी पडला, पाऊस नंतर. ट्रॅक्टरच्या टायरची नक्षी ठशावरून गेली असेल तर क्रम तिथंच कळतो. ओतल्यावर हे काहीच दिसत नाही.

पंचगंगाकाठ: आणि कोल्हापुरी पायताण असेल तर? तळाला नक्षीच नसते.

ठसेतपास: नक्षी नसली म्हणून सोडू नका. पारंपरिक चप्पल हातानं, चामड्याच्या वादीनं शिवलेली असते. टाक्यांचं अंतर, झिजलेली टाच, कडेची तुटकी शिवण, हे सगळं जोडागणिक वेगळं. मऊ मातीत टाक्यांच्या खुणा उमटतातही. कास्टच्या पाठीवर मिश्रण ओलं असतानाच खिळ्यानं गुन्हा क्रमांक, तारीख आणि उत्तर दिशेचा बाण कोरा. जप्तीचं चित्रीकरणही करा, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार ते लागतंच.